उमराव बेगम काय म्हणाल्या?

दहावीच्या वर्गाला मी उर्दू शिकवते. मिर्झा गालिब यांची पत्रे शिकवायची वेळ आली की दर वर्षी वर्गात एकदा तरी हशा पिकतो. आपल्या लग्नाची हकीकत मिर्झासाहेबांनी एका पत्रात कैद्याच्या भाषेत सांगितली आहे. अमुक तारखेला आपल्याला जन्मठेप झाली, पायात बेडी पडली आणि दिल्ली शहर हाच तुरुंग ठरला, अशा आशयाचे ते पत्र. मुले हसतात, मीही हसते. बी.एड.ला असताना आम्हाला शिकवले होते की वर्ग हसला म्हणजे धडा पोहोचला.

दोन वर्षांपूर्वी मात्र हशा ओसरल्यावर मागच्या बाकावरची एक मुलगी उठली आणि तिने विचारले, “मॅडम, यावर त्यांची बीवी काय म्हणाली?”

माझ्याजवळ उत्तर नव्हते. “पुढच्या तासाला सांगते,” असे म्हणून मी वेळ मारून नेली. त्यानंतर कितीतरी तास होऊन गेले. ती मुलगी दहावी पास होऊन कॉलेजात गेली. तिचा प्रश्न मात्र माझ्याकडेच राहिला. हा लेख म्हणजे त्या उशिरा दिलेल्या उत्तराचा एक प्रयत्न आहे.

मिर्झा असदुल्लाह खाँ गालिब यांचा जन्म २७ डिसेंबर १७९७ रोजी आग्र्यात झाला. हिजरी सन १२२५च्या रज्जब महिन्याच्या ७ तारखेला, म्हणजे ऑगस्ट १८१०मध्ये, त्यांचा निकाह झाला. चांद्र वर्षांच्या हिशेबाने नवरदेवाला तेरा वर्षे पूर्ण व्हायला एक दिवस बाकी होता. नवरी उमराव बेगम अकरा वर्षांच्या होत्या. त्यांचे वडील नवाब इलाही बख्श खाँ स्वतः शायर होते आणि ‘मारूफ’ या तखल्लुसने लिहीत. चुलते नवाब अहमद बख्श खाँ हे फिरोजपूर झिरका आणि लोहारू या जहागिरींचे धनी. म्हणजे उमराव बेगम मोठ्या घरच्या आणि शायरीच्या घरच्या होत्या. शेर म्हणजे काय हे त्यांना नवऱ्याकडून शिकावे लागले नसणार.

लग्नानंतर मिर्झासाहेब दिल्लीला आले ते कायमचेच. १८६९पर्यंत, म्हणजे साडेअठ्ठावन्न वर्षे, हा संसार चालला. एवढ्या काळात या दोघांमध्ये काय बोलणे झाले, याची इतिहासाला फारच थोडी माहिती आहे. जी आहे ती एकाच बाजूची आहे.

त्या काळच्या शरीफ घरांची रचना आधी लक्षात घ्यायला हवी. घराचे दोन भाग असत, मर्दाना आणि जनाना. मित्र, शागीर्द, देणेकरी, घेणेकरी सगळे मर्दान्यात येत. स्वयंपाक, मुलेबाळे, आजारपण, नातेवाईक बायका हे सारे जनान्यात. नवराबायकोचे जग एका भिंतीने विभागलेले असे आणि त्यात कुणाला काही वावगे वाटत नसे. त्यामुळे केवळ वेगळे राहण्यावरून या दोघांत दुरावा होता असे ठरवणे चुकीचे होईल. दुरावा होता तो भिंतीपलीकडचा, आणि त्याची साक्ष मौलाना हाली देतात.

हाली हे मिर्झासाहेबांचे शागीर्द. त्यांनी त्यांना जवळून पाहिले होते. १८९७मध्ये त्यांचे ‘यादगार-ए-गालिब’ हे पुस्तक प्रसिद्ध झाले. त्यात घरातली एक बारीकशी गोष्ट त्यांनी नोंदवून ठेवली आहे. बेगम नमाज-रोजाच्या अतिशय पाबंद होत्या. मिर्झासाहेब त्या बाबतीत बेफिकीर होते आणि मद्य घेत असत, हे त्यांनी स्वतःही कधी लपवले नाही. म्हणून बेगमांनी आपली खाण्यापिण्याची भांडी नवऱ्याच्या भांड्यांपासून वेगळी केली होती. हाली लगेच पुढे सांगतात की असे असूनही नवऱ्याच्या सेवेत आणि देखभालीत त्यांनी कधी कसर ठेवली नाही. आणि मिर्झासाहेबही मर्दान्यात राहत असले तरी रोज ठरलेल्या वेळी न चुकता आत जात.

वेगळी भांडी आणि ठरलेली वेळ. या दोन गोष्टींवर मी बराच विचार केला आहे. अबोला वेगळा आणि हे वेगळे. अबोल्यात राग असतो, आणि राग कधीतरी निवळतो. इथे भांडण झाल्याची नोंद नाही, कुणी माहेरी निघून गेल्याची नोंद नाही. एकीने ताटवाटी वेगळी केली, दुसऱ्याने ती तशी राहू दिली. रोज ठरल्या वेळी भेट झाली, जेवण वेळेवर गेले, कपडे वेळेवर गेले. सगळे व्यवस्थित होते. बाहेरच्या माणसाला या व्यवस्थेत बोट ठेवायला जागा सापडली नसती. आपल्यापैकी कितीजणांनी अशी व्यवस्था आपल्याच घरात पाहिली आहे!

पण या दोघांच्या मध्ये फक्त नमाज आणि शराब एवढेच होते का? इथे इतिहासाची पाने थोडी मागे उलटावी लागतात.

मिर्झासाहेबांचे चुलते नसरुल्लाह बेग खाँ १८०६मध्ये वारले. त्यांच्या मागे राहिलेल्या कुटुंबासाठी इंग्रजांनी पेन्शन लावली, ती नवाब अहमद बख्श खाँ यांच्या जहागिरीतून द्यायची होती. म्हणजे मिर्झासाहेबांना मिळणारी रक्कम त्यांच्या पत्नीच्या चुलत्याच्या हातून येत होती. त्यांच्या वाट्याला वर्षाला ७५० रुपये, महिन्याला साडेबासष्ट रुपये येत. मूळ मंजुरी वर्षाला १०,००० रुपयांची होती, ती नंतर ५,००० करण्यात आली आणि त्यातही दुसरा वाटेकरी घालण्यात आला, अशी मिर्झासाहेबांची तक्रार होती. ही तक्रार घेऊन ते दिल्लीहून निघाले आणि लखनौ, बांदा, बनारस करीत फेब्रुवारी १८२८मध्ये कलकत्त्याला पोहोचले. परतले ते नोव्हेंबर १८२९मध्ये. एवढे करूनही १८३१मध्ये दावा फेटाळला गेला.

गालिबांच्या चरित्रात हा प्रवास फार महत्त्वाचा मानला जातो. कलकत्त्याने त्यांना नवे जग दाखवले, हे खरेच आहे. पण हीच गोष्ट जनान्यातून पाहा. नवरा दीर्घकाळ परमुलखात आहे. कर्ज वाढते आहे. आणि तो ज्यांच्याविरुद्ध सरकारदरबारी उभा आहे ते आपलेच माहेर आहे.

पुढे तर याहून कठीण प्रसंग आला. २२ मार्च १८३५ रोजी दिल्लीतील इंग्रज अधिकारी विल्यम फ्रेझर यांचा गोळी घालून खून झाला. तपासात अहमद बख्श खाँ यांचे चिरंजीव, म्हणजे उमराव बेगमांचे चुलतभाऊ नवाब शम्सुद्दीन अहमद खाँ यांचे नाव पुढे आले आणि ८ ऑक्टोबर १८३५ रोजी त्यांना फाशी झाली. फ्रेझर हे मिर्झासाहेबांचे स्नेही होते आणि शम्सुद्दीन यांच्याशी त्यांचा पेन्शनचा वाद होता. त्यामुळे मिर्झासाहेबांनीच खबर दिली, अशी कुजबुज दिल्लीत सुरू झाली. या आरोपाचा त्यांना मनस्ताप झाला.

इथे घाईने निकाल देता कामा नये. लोहारू घराण्यातच भावाभावांत जहागिरीचा वाद होता. शम्सुद्दीन यांचे सावत्र भाऊ अमीनुद्दीन आणि जियाउद्दीन हे मिर्झासाहेबांच्या बाजूचे होते. तेव्हा बेगमांचे मन कुठल्या चुलतभावाकडे होते, हे कुणीही छातीवर हात ठेवून सांगू शकणार नाही. पण एवढे निश्चित की त्या वर्षी एका स्त्रीच्या चुलतभावाला फाशी झाली आणि शहर तिच्या नवऱ्याकडे बोट दाखवत होते. त्या रात्री मिर्झासाहेब ठरल्या वेळी आत गेले असतील का? गेले असतील तर काय बोलले असतील? की दोघेही नेहमीप्रमाणे खर्चाचे आणि नोकरांचे बोलून गप्प बसले असतील?

याहूनही मोठे मौन मुलांचे आहे.

या दांपत्याला सात मुले झाली. मुलगे झाले, मुलीही झाल्या. पंधरा महिन्यांच्या पुढे एकही जगले नाही. ही माहिती आपल्याला कुठून मिळते? मिर्झासाहेबांनीच ती एका पत्रात दिली आहे. ते पत्र मियाँ दाद खाँ ‘सय्याह’ यांना लिहिलेले आहे. सय्याह हे मूळचे आपल्या मराठवाड्यातल्या औरंगाबादचे, पुढे सुरतेला स्थायिक झालेले. त्यांचे तान्हे बाळ गेले तेव्हा उस्तादांनी त्यांचे सांत्वन केले. माझ्याकडे पाहा, माझीही सात गेली, तुम्ही अजून तरुण आहात, असे त्या पत्राचे सांगणे होते. मिर्झासाहेबांची त्या वेळी सत्तरी उलटली होती.

हे पत्र मी प्रथम वाचले तेव्हा सांत्वनाच्या शब्दांनी भारावले होते. आता वाचते तेव्हा दुसरेच मनात येते. सात वेळा पाळणा हलला आणि सात वेळा थांबला, तो जनान्यात. सात छोट्या मय्यती तिथूनच बाहेर पडल्या. बापाने ते दुःख आपल्या मराठवाड्याच्या एका शागीर्दाला सांगितले, तेही स्वतःचे म्हणून नव्हे, त्याला धीर द्यावा म्हणून. आईने ते कुणाला सांगितले?

नंतर बेगमांच्या थोरल्या बहिणीचा मुलगा जैनुल आबिदीन खाँ ‘आरिफ’ याला दोघांनी मुलासारखे मानले. तो चांगला शायर होता, मिर्झासाहेबांचा लाडका होता. १८५२मध्ये तोही ऐन तारुण्यात गेला. मिर्झासाहेबांनी त्याच्यावर लिहिलेली शोकगझल त्यांच्या दीवानमध्ये आहे आणि उर्दू वाचणाऱ्या प्रत्येकाला ती ठाऊक आहे. आरिफची दोन पोरकी मुले, बाकर अली आणि हुसेन अली, यांना या दोघांनी घरी आणून वाढवले. मिर्झासाहेब तेव्हा पन्नाशीत होते आणि बेगमही पन्नाशीच्या पुढे. त्या वयात पुन्हा एकदा दूध, अंघोळ, गोवर, तापाच्या रात्री. ही मुले बहिणीची नातवंडे होती आणि त्यांचे सगळे करणारे हात जनान्यातले होते. लग्नाला जन्मठेप म्हणणाऱ्या त्या प्रसिद्ध पत्रात मिर्झासाहेबांनी याच दोन मुलांना दोन हातकड्या म्हटले आहे. पत्र वाचणारा हसतो. पण याच मुलांना १८६०मध्ये ते स्वतः रामपूरला सोबत घेऊन गेले, आणि मुलांचे मन तिथे रमेना म्हणून मुक्काम आटोपून परत आले. प्रेम होते. ते थट्टेशिवाय सांगता येत नव्हते, एवढेच.

१८५७ साली एक घटना घडली. माझ्या मते या संसाराचे सगळे सार तिच्यात आहे.

१४ सप्टेंबर रोजी इंग्रजी फौजा दिल्लीत घुसल्या. लुटालूट आणि कत्तल सुरू झाली. मिर्झासाहेब राहत ती बल्लीमारानची गल्ली पतियाळाच्या महाराजांच्या पहारेकऱ्यांमुळे काहीशी बचावली, कारण तिथल्या हकीम घराण्याचे त्या दरबाराशी संबंध होते. पण बेगमांना हे आधी कसे कळणार? त्यांनी नवऱ्याला न सांगता आपले दागिने आणि मौल्यवान वस्तू मियाँ काले साहेबांच्या घरी सुरक्षित म्हणून पाठवून दिल्या होत्या. काले साहेबांचे घराणे पीरांचे, बादशाहाच्या मुर्शिदांचे. तिथे कोण हात लावील, असे त्यांना वाटले असणार. लूट झाली ती नेमकी तिथे. सर्व गेले. मग बेगमांनी ही गोष्ट नवऱ्याला सांगितली.

मे महिन्यापासून पेन्शन बंद झालेली होती. ती पुन्हा सुरू व्हायला मे १८६० उजाडले. मधली तीन वर्षे घरातले कपडे आणि अंथरूण-पांघरूण विकून खाल्ले, असे मिर्झासाहेबांनी लिहून ठेवले आहे. त्याच ऑक्टोबरमध्ये त्यांचे मनोरुग्ण भाऊ मिर्झा युसुफ वारले. शहरात कफनाचे कापड मिळत नव्हते, घरातल्या चादरी वापराव्या लागल्या.

दागिन्यांची गोष्ट नवऱ्याला न विचारता का केली? काही अभ्यासक त्यात फक्त व्यवहारी शहाणपण पाहतात. नवरा खर्चिक, कर्जबाजारी, शिवाय १८४७मध्ये जुगाराच्या आरोपावरून तीन महिने तुरुंगात राहून आलेला. त्याच्या हाती दागिने न दिलेले बरे, असे कुठल्याही गृहिणीला वाटेल. मला यात आणखी काही दिसते. शहर जळत असताना, मरण दाराशी असताना, सत्तेचाळीस वर्षांच्या संसारातल्या दोन माणसांनी एकमेकांना विचारले नाही की आता काय करायचे. विचारण्याची सवयच राहिली नव्हती. आणि तरी ती स्त्री जे वाचवायला धडपडली ते दोघांचेच होते, त्या पोरक्या मुलांचे होते. तिने विश्वासघात केला नाही. एकटीने निर्णय घेतला, एकटीने नुकसान सोसले आणि मग स्वतःच्या तोंडाने कबूलही केले. त्या कबुलीचे शब्द कुणी जपून ठेवले नाहीत.

मिर्झासाहेबांच्या विनोदांचे काय करायचे, हा प्रश्न उरतो. ते थट्टा जन्मभर करीत राहिले. एका परिचिताची दुसरी पत्नी वारल्याचे कळले तेव्हा मुन्शी हरगोपाल तफ्ता यांना त्यांनी जे लिहिले त्याचा आशय असा की, काहींच्या बेड्या दोनदा तुटतात आणि माझ्या गळ्यातला फास पन्नास वर्षे झाली तरी सुटत नाही. लग्नाच्या जन्मठेपेचे पत्र त्यांनी ज्या अलाउद्दीन अहमद खाँ ‘अलाई’ यांना लिहिले, ते तर बेगमांच्या चुलतभावाचे चिरंजीव, नात्याने त्यांचे भाचे. म्हणजे ही थट्टा घराच्या आतही फिरत असणार. बेगमांच्या कानावर ती गेली नसेल, असे मानणे कठीण आहे.

मला मिर्झासाहेबांना आरोपीच्या पिंजऱ्यात उभे करायचे नाही. त्यांनी दुसरा निकाह केला नाही. बेगमांच्या नातेवाइकांशी ते कायम प्रेमाने वागले. आणि ज्या माणसाने आपल्या गरिबीची, तुरुंगाची, बहिरेपणाची, अगदी मरणाचीही थट्टा केली, त्याच्याकडे लग्नासाठी वेगळी भाषा कुठून येणार? थट्टा हीच त्यांची दुःख सांगण्याची रीत होती. फरक एवढाच की ते दुःख त्यांनी पत्रांतून साऱ्या हिंदुस्थानाला सांगितले. त्यांची उर्दू पत्रे शेकड्यांनी छापली गेली आहेत. मी जे संग्रह वाचले त्यांत उमराव बेगमांच्या नावाचे एकही पत्र मला दिसले नाही.

पुढच्या काळाने त्यांना आणखी मागे सारले. तरुणपणी आपले एका डोमनीवर प्रेम होते, असे मिर्झासाहेबांनी हातिम अली ‘मेहर’ यांना एका पत्रात ओझरते लिहिले होते. तेवढ्या धाग्यावरून मंटो यांनी कथा लिहिली आणि १९५४मध्ये सोहराब मोदी यांचा ‘मिर्झा गालिब’ हा चित्रपट आला. नायिका झाल्या सुरैया. साडेअठ्ठावन्न वर्षे संसार करणारी बाई स्वतःच्याच गोष्टीत दुय्यम पात्र ठरली. १९८८च्या गुलजार यांच्या मालिकेत तन्वी आझमी यांनी उमराव बेगमांना पुष्कळ न्याय दिला, हे आवर्जून सांगितले पाहिजे. पण तिथेही त्यांच्या तोंडचे शब्द लेखकाचे होते. दुसरे कुठून आणणार?

हे सगळे लिहिताना माझ्या डोळ्यांसमोर दिल्ली कमी आणि आमचे घर जास्त होते. माझे अब्बा आणि अम्मी एकमेकांशी थेट बोलल्याचे मला फारसे आठवत नाही. “अब्बूंना सांग, जेवण काढलंय.” “तुझ्या अम्मीला विचार, विजेचं बिल भरलं का.” मधल्या खोलीत बसलेली मी दोघांची टपालवाली होते. भांडण कधी पाहिले नाही. लोक म्हणत, किती शांत घर आहे! अब्बा गेल्यावर इद्दतीच्या दिवसांत एकदा अम्मी एकदम म्हणाली, “त्यांना कडक चहा आवडायचा नाही. पण कधी बोलले नाहीत. मला फार उशिरा कळलं.” एवढेच बोलली आणि तसबीह घेऊन बसली. त्या एका वाक्यात किती वर्षे होती, हे मला या लेखाच्या निमित्ताने कळले.

आपल्या समाजात तलाकवर परिसंवाद होतात, हुंड्यावर ठराव होतात, आणि ते व्हायलाच हवेत. पण जिथे तलाक होत नाही, मारहाण होत नाही, फक्त भांडी वेगळी होतात, त्या घरांबद्दल आपण बोलत नाही. तिथे सगळे ठीक आहे, असे धरून चालतो.

१५ फेब्रुवारी १८६९ रोजी मिर्झासाहेब वारले. हिजरी तारीख होती २ जिल्काद १२८५. मागे कर्ज होते. शेवटच्या महिन्यांत त्या कर्जासाठी ते रामपूरच्या नवाबाला विनवण्या करीत होते, आणि त्यांच्या पश्चात तशीच विनंती करण्याची वेळ उमराव बेगमांवर आली. पत्नी म्हणून त्यांच्या वाट्याला आलेले हे शेवटचे काम. पुढच्या वर्षी ४ फेब्रुवारी १८७० रोजी त्याही गेल्या. चांद्र पंचांगाप्रमाणे ती तारीख पुन्हा २ जिल्कादच होती, नवऱ्याच्या पहिल्या बरसीचा दिवस. हा योगायोग आहे. त्यावरून त्यांचे परस्परांवर अमाप प्रेम होते असे सिद्ध करण्याचा मोह मी आवरते. निजामुद्दीनला मिर्झासाहेबांच्या मजारजवळच त्यांची कबर आहे. येणारे मिर्झासाहेबांसाठी येतात, फातेहा पढतात, छायाचित्रे काढतात. फार थोडे जण शेजारी थांबतात.

त्या मुलीला आता मला उत्तर द्यायचे असेल तर मी असे देईन. बेटी, उमराव बेगम काय म्हणाल्या हे कुणी लिहून ठेवले नाही. त्या काही म्हणाल्याच नाहीत, असा मात्र याचा अर्थ नाही. या वर्षी तो धडा शिकवीन तेव्हा मुले हसतील, त्यांना हसू देईन. मग फळ्यावर सात हा आकडा लिहीन, त्याखाली १८३५ आणि १८५७ लिहीन, आणि त्यांनाच विचारीन, “आता सांगा, त्या काय म्हणाल्या असतील?”